सिद्धांत पडद्यावर आणताना: राजकीय विचारांवरच्या प्रायोगिक लघुपटांची रचना, उजेड, आवाज, संकलन

कोरी_चौकट

राजकीय सिद्धांतावरचे बहुतेक प्रायोगिक लघुपट एकाच ठिकाणी घसरतात. निवेदक सिद्धांत सांगतो आणि चित्रं त्याच्या मागे मागे चालतात. 'सत्ता' शब्द आला की बुद्धिबळाचा पट, 'जनता' आली की गर्दी, 'माध्यमं' आली की मुंग्या आलेला टीव्ही. डोळे मिटून नुसतं ऐकलं तरी काही हुकत नाही. मग कॅमेरा लावलाच कशाला?

धागा काढण्याचं कारण हेच. संकल्पना वाक्यात न ठेवता शॉटच्या लांबीत, कॅमेऱ्याच्या जागेत, आवाजात कशी बसवायची यावर नेमकं बोलूया. सुरुवातीला एकच संकल्पना घेतो: पॅनॉप्टिकॉन.

पॅनॉप्टिकॉन म्हणजे इंग्लिश विचारवंत जेरेमी बेंथमचा तुरुंगाचा आराखडा, तो १७९१ मध्ये छापून आला. कोठड्यांचं वर्तुळ आणि मधोमध मनोरा. प्रत्येक कोठडीला आरपार उजेड, म्हणजे मनोऱ्यातून कैद्याची काळी आकृती स्पष्ट दिसावी. मनोऱ्याच्या खिडक्यांना मात्र पट्ट्यांचे पडदे, म्हणजे आत कोणी आहे की नाही ते कैद्याला कळू नये. फ्रेंच विचारवंत मिशेल फूकोने १९७५ मध्ये यातून जे काढलं ते असं: पहारेकरी हजर असायची गरजच उरत नाही. कोणी पाहत असेल, एवढ्या शक्यतेवर माणूस स्वतःच स्वतःवर पहारा ठेवू लागतो.

यावर ८ मिनिटांचा लघुपट करायचा तर काय दाखवायचं नाही हे आधी ठरतं. नियंत्रण कक्ष नको, पडद्यांची भिंत नको, तिच्यासमोर बसलेला माणूस तर अजिबात नको. तो दिसला की 'कोणीतरी पाहतंय' असा थरारपट होतो. फूकोचा मुद्दा 'कोणी पाहतंय का हे कळायची सोयच नाही' हा आहे.

आराखडा असा मांडतो. एक खोली, एक माणूस, एक कॅमेरा. कॅमेरा २.४ मीटर उंचीवर, जागा कधीच बदलत नाही. ३० सेकंदांचा एक शॉट, असे १६. भिंतीवर एक लाल दिवा. पहिल्या ४ शॉटमध्ये दिवा बंद आणि माणूस मोकळा: नखं कापतो, आळस देतो, पाय वर घेऊन बसतो. पुढच्या ४ मध्ये दिवा लागतो आणि तो सावरून बसतो. पुढच्या ४ मध्ये दिवा मधूनच लागतो, विझतो. शेवटच्या ४ मध्ये दिवा बंदच आहे, पण माणूस सावरलेलाच आहे. शेवटच्या शॉटमध्ये कॅमेरा पहिल्यांदा वळतो आणि दिव्याची वायर कशालाच जोडलेली नाही असं दिसतं. निवेदन नाही.

त्रुटी सांगा.

राज्यशास्त्र_वाचक

आराखडा आवडला, पण शेवटचा शॉट सगळं घालवतो. वायर सुटलेली दाखवली की प्रेक्षकाला उत्तर मिळालं: कोणी पाहत नव्हतं. पॅनॉप्टिकॉनचं बळ उत्तर न मिळण्यात आहे. तुमच्या पात्राला जी खात्री कधीच मिळणार नाही ती प्रेक्षकाला दिलीत की प्रेक्षक पहारेकऱ्यापेक्षाही उंचावर जाऊन बसतो, 'बिचारा उगाच घाबरला' असं म्हणतो आणि सुटतो. त्याला सोडू नका. कॅमेरा वळवू नका.

शिवाय ४-४-४-४ ही विभागणी फार समान आहे. तिसऱ्या भागात पोचेपर्यंत प्रेक्षकाने नमुना ओळखलेला असतो. अनिश्चितता हा विषय असेल तर लांबीही अनिश्चित हवी. ३० सेकंदांची सवय लावा, मग एक शॉट ११ सेकंदांत तोडा, एक ७० सेकंद चालू द्या.

कोरी_चौकट

दोन्ही मान्य. वळणारा शॉट काढतो. एकूण ४८० सेकंद तेवढेच ठेवून शॉट १६ ऐवजी १३ करतो: पहिले ५ प्रत्येकी ३० सेकंद (१५०), उरलेल्या ३३० सेकंदांत ८ शॉट, सर्वांत आखूड ९ सेकंद, सर्वांत लांब ९५.

उजेडवाला

उजेडाचं बोलतो, कारण बेंथमच्या आराखड्यात उजेड हेच यंत्र आहे.

माणसाच्या मागे खिडकी हवी. नसेल तर १.२ × १.८ मीटरचं पांढरं कापड ताणून मागून एलईडी. मोजणी त्या उजळ पृष्ठभागावर करायची. चेहरा त्याहून १ स्टॉप खाली (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा) असेल तर भाव वाचता येतात, २ स्टॉप खाली गेला की ओळख पुसट होते, ३ च्या पलीकडे नुसती आकृती उरते. हा प्रवासच लघुपटाचा कणा करता येईल: पहिल्या शॉटमध्ये १ स्टॉप, मग दर दोन शॉटनंतर तृतीयांश स्टॉप कमी. १३ शॉटमध्ये अशा ६ पायऱ्या होतात, म्हणजे शेवटी बरोबर ३. माणूस हळूहळू आकृती होत जातो आणि कोणाच्या लक्षातही येत नाही.

हा बदल समोरचा फिल लाइट (चेहऱ्यावरची सावली भरून काढणारा दिवा) मागे सरकवून किंवा मंद करून करा, लेन्सचं छिद्र बदलून नको. छिद्र बदललं की खिडकीही काळवंडते, कट जाणवतो आणि बदल माणसात न होता कॅमेऱ्यात झाल्यासारखा वाटतो.

हमखास होणाऱ्या चुका:

ऑटो एक्स्पोजर (किती उजेड घ्यायचा ते कॅमेऱ्याने आपोआप ठरवणं) चालू राहणं. माणूस खिडकीसमोरून हलला की अख्खं चित्र श्वास घेतल्यासारखं उजळतं-मंदावतं. एक्स्पोजर, फोकस, व्हाइट बॅलन्स तिन्ही हाताने पक्के करा.

वीजपुरवठा ५० हर्ट्झचा असेल तर स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० किंवा १/१०० ठेवलं तर पट्टे येत नाहीत. ६० हर्ट्झला १/६० किंवा १/१२०.

लाल दिवा. छोटा एलईडी थेट चित्रित केला तर मधोमध पांढरा ठिपका आणि भोवती गुलाबी वलय दिसतं, कारण तेवढ्या जागेत सेन्सर भरून वाहतो. दिव्यावर टिश्यूचे दोन पदर लावा आणि प्रवाह कमी करा. लाल रंग लालच दिसला पाहिजे.

कानसेन

सगळे चित्राबद्दल बोलताहेत. या लघुपटात माइक कुठे आहे, हा प्रश्न कॅमेऱ्याच्या जागेइतकाच राजकीय आहे.

पहिल्या भागात माइक माणसापासून १५ सेंटीमीटरवर ठेवा. कपड्याची सळसळ, नखं कापल्याचा टक्, श्वास, म्हणजे प्रेक्षक माणसाच्या बाजूला आहे. शेवटच्या भागात माइक थेट कॅमेऱ्याशेजारी, सुमारे २.४ मीटरवर. चित्राची चौकट तीच, पण ऐकणारा कान माणसाकडून मनोऱ्यात गेला. हा बदल डोळ्याला दिसत नाही, अंगावर मात्र येतो.

अडचण अशी की १५ सेंटीमीटरवरून २.४ मीटर म्हणजे अंतर १६ पट, म्हणजे चार वेळा दुप्पट. मोकळ्या जागेत दर दुपटीला ६ डेसिबल घट, म्हणजे २४ डेसिबल. खोलीत भिंतींच्या पडसादामुळे घट कमी होते, तरी सळसळ खोलीच्या गुणगुणीत बुडते. संकलनात पातळी वर ओढली की पंखा, फ्रिज, रस्ता सगळंच वर येतं. म्हणून फ्रिज-पंखा बंद, खोलीचा रिकामा आवाज सलग ६० सेकंद वेगळा ध्वनिमुद्रित, आणि दूरच्या भागात माणसाच्या हालचाली थोड्या ठसठशीत ठेवा. ध्वनिमुद्रण ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. सर्वांत मोठा आवाज उणे ६ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नका.

शांततेबद्दलही सांगतो. संकलनाच्या टाइमलाइनवर पूर्ण शून्य आवाज ठेवला तर प्रेक्षकाला वाटतं स्पीकर गेला, आणि तो लघुपटातून बाहेर येतो. शांतता म्हणजे खोलीचा तोच रिकामा आवाज. शून्य वापरायचंच असेल तर एकदाच आणि कारणासाठी.

प्रसारणाचं युरोपीय मानक उणे २३ एलयूएफएस (कानाला जाणवणारी सरासरी पातळी मोजायचं एकक) आहे. नुसतं ऑनलाइन टाकणार असाल तर साधारण उणे १६ ते उणे १४. पण पहिल्या भागातला श्वास आणि शेवटचा दूरचा आवाज यांतला फरक कॉम्प्रेसरने (मोठा-लहान आवाज एका पातळीवर आणणाऱ्या साधनाने) सपाट करू नका. रचना त्या फरकातच आहे.

पाटीवरचा_खडू

निवेदनावर सरसकट फुली मारू नये. ब्राझिलियन दिग्दर्शक जॉर्जे फुर्तादोंचा १९८९ चा 'इल्या दास फ्लोरेस' १३ मिनिटांचा आहे आणि निवेदक जवळपास थांबतच नाही. एका टोमॅटोचा शेतापासून कचऱ्याच्या ढिगापर्यंतचा प्रवास. वाटेत येणाऱ्या प्रत्येक नामाची कोरडी, विश्वकोशी व्याख्या: माणूस म्हणजे काय, पैसा म्हणजे काय, नफा म्हणजे काय. व्याख्यांची साखळी इतक्या थंडपणे चालते की शेवटी त्याच कचऱ्यातून अन्न घ्यायला डुकरांनंतर माणसांची पाळी येते तेव्हा ती थंड भाषाच आरोपी ठरते. इथे निवेदन सिद्धांत समजावत नाही. बाजाराची तर्कपद्धती बोलून दाखवतं, आणि प्रेक्षक ती मोडताना पाहतो.

फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्करच्या १९५७ च्या सायबेरियावरच्या चित्रपटातलं उदाहरण तर शिकवायला सर्वांत सोपं. याकुत्स्कमधल्या रस्त्याचे तेच शॉट तीन वेगवेगळ्या निवेदनांसह: एक स्तुतीचं, एक निंदेचं, एक तटस्थ म्हणवणारं. विचारसरणी म्हणजे काय हे सांगायला चौथं वाक्य लागत नाही.

सरावासाठी हेच करून पाहा. ४० सेकंदांचा एक स्थिर शॉट, ज्यात किमान तीन घटना आहेत. तीन निवेदनं. मराठीत सावकाश, स्पष्ट वाचनाचा वेग मिनिटाला ११० शब्दांच्या आसपास पडतो, म्हणजे ४० सेकंदांत ७३ शब्द. प्रत्येक निवेदन ५५ शब्दांत बसवा, उरलेल्या १० सेकंदांत चित्राला एकटं सोडा. तिसरं निवेदन सर्वांत अवघड. 'तटस्थ' लिहायला बसलं की कुठलं विशेषण गाळलं आणि कुठलं क्रियापद निवडलं हेच दिसू लागतं. 'जमाव हटवला', 'लोक पांगले', 'रस्ता मोकळा झाला': घटना एक, कर्ता तीन वेळा बदलला.

कोरी_चौकट

हे पटलं. माझं वाक्य दुरुस्त करतो: निवेदन चालेल, पण निवेदनाला स्वतःची रचना हवी. शब्दांचा हिशेब मात्र हवाच. ८ मिनिटांच्या लघुपटात ४० टक्क्यांहून जास्त वेळ बोलणं नको असेल तर १९२ सेकंद, म्हणजे सुमारे ३५० शब्द. पहिला मसुदा सहसा याच्या तिप्पट असतो.

राज्यशास्त्र_वाचक

सिद्धांताच्या बाजूने काही नोंदी. चुकीची संकल्पना कितीही सुंदर चित्रित केली तरी चुकीचीच राहते.

अमेरिकन तत्त्वज्ञ जॉन रॉल्सचा अज्ञानाचा पडदा (१९७१) दाखवताना जवळजवळ सगळे 'एकाने केक कापायचा, दुसऱ्याने आधी उचलायचा' हा प्रसंग घेतात. तो न्याय्य वाटपाचा खेळ आहे, अज्ञानाचा पडदा नव्हे. तिथे कापणाऱ्याला आपण कोण ते पक्कं माहीत असतं. रॉल्सच्या मांडणीत आपलं लिंग, वर्ग, प्रकृती, बुद्धी, आयुष्याकडून काय हवं तेही माहीत नसतं, आणि त्या स्थितीत समाजाचे नियम ठरवायचे असतात. चित्रात आणायचं तर: सहा जण नियम लिहिताहेत, फक्त हात दिसतात, सगळ्यांना सारखे हातमोजे. नियम लिहून झाल्यावर कोणाला कुठली जागा मिळाली ते दाखवायचा मोह आवरा. चिठ्ठ्या उघडण्याआधी संपवा. उघडलं की कोणाचं नशीब चांगलं याची गोष्ट सुरू होते.

फ्रेंच विचारवंत लुई अल्थ्यूसरचा १९७० चा विचारसरणीवरचा निबंध तर शॉट लिहूनच देतो. रस्त्यावर पोलीस हाक मारतो, 'ए, तू!', माणूस १८० अंशांत वळतो, आणि त्या वळण्यात तो राज्यसत्तेचा 'प्रजाजन' होतो. एक माणूस, पाठमोरा, एक हाक, एक वळण. हाक मारणारा चौकटीबाहेर. एवढंच २० वेळा, २० वेगवेगळ्या हाकांनी: नाव, आडनाव, हुद्दा, अनुक्रमांक, शिट्टी, फोनची घंटी. प्रत्येक वळण ३ सेकंद धरलं तर एक मिनिट. माणूस कधी वळतो आणि कधी नाही, यात सगळा सिद्धांत आहे.

आणि श्रमविभागणीवर काही करणाऱ्यांनी डॉ. आंबेडकरांचा १९३६ चा भेद विसरू नये: जातिव्यवस्था ही नुसती श्रमाची विभागणी नाही, श्रमिकांची विभागणी आहे. कॅमेऱ्यासाठी हा भेद नेमका आहे. श्रमाची विभागणी दाखवायची तर वस्तू एका हातातून दुसऱ्या हातात जाते. श्रमिकांची दाखवायची तर वस्तू हातातून हातात जातच नाही. खाली ठेवली जाते, पहिला हात चौकटीबाहेर गेल्यावरच दुसरा येतो. दोन्ही एकाच टेबलावर, एकाच कोनातून घ्या. मध्ये रिकामं टेबल दिसतं ती दीड सेकंद कापू नका.

सावली_संग्रह

शेवटच्या परिच्छेदासाठी +१. तो दीड सेकंद कुठलाही संकलक सवयीने कापून टाकेल, हे आधीच सांगितलेलं बरं.

संकलन_मेज

कमी साधनांत काम करणाऱ्यांसाठी दोन पद्धती.

स्थिर छायाचित्रं. मार्करचा १९६२ चा २८ मिनिटांचा 'ला जेते' जवळपास पूर्ण स्थिरचित्रांचा आहे, हलणारा शॉट एकच. १९६८ मध्ये पॅरिसमध्ये निघालेल्या निनावी, मूक पत्रक-चित्रपटांचंही तेच. १६ मिलिमीटरची १०० फुटी एक रीळ म्हणजे एक चित्रपट. फुटाला ४० फ्रेम, म्हणजे ४,००० फ्रेम, सेकंदाला २४ या वेगाने २ मिनिटं ४७ सेकंद. मर्यादा आधी ठरलेली, म्हणून वाद छोटा आणि धारदार.

आज करताना एक चित्र सरासरी ४ सेकंद धरलं तर ८ मिनिटांना १२० छायाचित्रं लागतात. चित्रात शिरत जाणारा झूम हवाच असेल तर शॉटभर ५ ते ८ टक्क्यांपेक्षा जास्त नको, आणि मूळ छायाचित्र टाइमलाइनच्या निदान दीडपट मोठं असू द्या, नाहीतर कडा दातेरी होतात. सगळ्याच चित्रांवर झूम लावला की तो लग्नाचा अल्बम होतो.

पिक्सिलेशन. जिवंत माणसांना बाहुल्यांसारखं फ्रेम-फ्रेमने हलवायचं. नॉर्मन मॅक्लेरनचा १९५२ चा ८ मिनिटांचा 'नेबर्स' याच पद्धतीचा: दोन शेजारी, एक फूल, मालकीचं भांडण, शेवटी दोघंही मरतात. त्यातला आवाजही फिल्मच्या कडेवर ओरखडे काढून केलेला आहे. सेकंदाला १२ छायाचित्रं पुरतात, म्हणजे मिनिटाला ७२०. माणूस घसरत जातोय असं दाखवायला प्रत्येक छायाचित्राला ५ सेंटीमीटर पुढे सरकवा, वेग सेकंदाला ६० सेंटीमीटर येतो. हवेत तरंगताना दाखवायचं तर प्रत्येक छायाचित्राला एक उडी, टिपायचं उडीच्या माथ्यावर. ४ सेकंदांना ४८ उड्या. याहून लांब शॉट ठरवू नका, पुढे दमून उडीची उंची कमी होते आणि माणूस पडद्यावर बुडताना दिसतो.

लुकलुक टाळायला लेन्सचं छिद्र हाताने ठरवता येणारं हवं. इलेक्ट्रॉनिक छिद्र दर फोटोला किंचित वेगळं बंद होतं. ढगाळ-उन्हाच्या दिवशी बाहेर करू नका.

आणि मोबाइलचं चित्रण थेट टाइमलाइनवर ओढू नका. मोबाइल बहुधा बदलत्या फ्रेमवेगाने नोंदवतो, मग ५ मिनिटांनंतर ओठ आणि आवाज यांची फारकत होते. आधी स्थिर फ्रेमवेगात रूपांतर, मगच संकलन.

सावली_संग्रह

जुन्या चित्रणाच्या तुकड्यांवर काम करणाऱ्यांसाठी. प्रत्येक तुकड्यासाठी एका तक्त्यात पाच गोष्टी लिहा: कुठून मिळाला, मूळ चित्रण कधीचं, मूळ फ्रेमवेग, मूळ चौकट, हक्क कोणाकडे. हे शेवटी लिहायला बसलात तर अर्धे तुकडे अनाथ निघतात आणि काढावे लागतात.

४:३ (रुंदी:उंची) चं चित्र १६:९ मध्ये ताणू नका. माणसं जाडी होतात आणि इतिहास खोटा दिसतो. दोन्ही बाजूंना काळं सोडा, किंवा ४:३ ची दोन चित्रं शेजारी शेजारी ठेवा. १९२० × १०८० च्या पडद्यावर प्रत्येकी ९६० × ७२०, वर-खाली १८० पिक्सेल काळे. जर्मन दिग्दर्शक हारून फारोकीने अशी दुहेरी मांडणी बरीच वापरली. कटमध्ये एक चित्र दुसऱ्याला हटवतं, इथे दोघांना एकमेकांकडे बघत राहावं लागतं. फक्त दोन्हीकडे एकदम हालचाल नको. एक बाजू स्थिर किंवा काळी ठेवा, मग डोळा कुठे जाईल ते तुमच्या हातात राहतं.

सेकंदाला १६ फ्रेमचं मूक चित्रण २४ वर तसंच चालवलं की माणसं धावपळ करतात आणि गरीब माणूस विनोदी दिसतो. दर दुसरी फ्रेम दोनदा छापा: दोनाच्या तीन होतात, वेग जागेवर येतो.

सर्वांत महत्त्वाचं म्हणजे एका घटनेचं चित्रण दुसरी घटना म्हणून दाखवू नका. मोर्चा मोर्चासारखा दिसतो म्हणून चालेल, असं नाही. त्यातली माणसं एका विशिष्ट मागणीसाठी उभी होती. प्रतीक म्हणून वापरायचं असेल तर स्थळ-काळाची पाटी लावा. पाटी लावल्यावर प्रतीक टिकत नसेल तर तो तुकडा तिथला नव्हेच.

कोरी_चौकट

हिंसा दाखवण्याबद्दल कोणी लिहील का? राज्यसंस्थेच्या हिंसेवर लघुपट करताना एकतर रक्त दाखवतात, नाहीतर कविता म्हणतात.

पाटीवरचा_खडू

फारोकीनेच १९६९ मध्ये नापामवर (अंगाला चिकटून जळणाऱ्या युद्धातल्या ज्वालाग्राही पदार्थावर) केलेल्या लघुपटाचा उपाय अजून कोणी ओलांडलेला नाही. जळालेली माणसं दाखवली तर तुम्ही डोळे मिटाल, हे तो आधीच सांगतो. मग स्वतःच्या हातावर सिगारेट विझवतो. निवेदन म्हणतं, सिगारेट सुमारे ४०० अंशांवर जळते, नापाम सुमारे ३,००० अंशांवर. प्रेक्षकाला एक छोटी, खरी इजा आणि एक गुणोत्तर दिलं, बाकीचं त्याने करायचं. शरीराला इजा करणं हा त्यातला घेण्यासारखा भाग नाही. घेण्यासारखं आहे ते मोजमाप: प्रेक्षकाला माहीत असलेलं एकक शोधा आणि तिथून न दिसणाऱ्या गोष्टीपर्यंत आकड्याने पूल बांधा. वेळ हे तसं एकक आहे. अमुक तास रांगेत उभं राहणं दाखवायचं तर त्याचा ठरावीक अंश, समजा साठावा भाग, न कापता दाखवा आणि तसं पाटीवर लिहा.

संकलन_मेज

पाटीवरून आठवलं. पाटी किती वेळ ठेवायची: शब्दसंख्या भागिले अडीच, अधिक एक सेकंद. १२ शब्दांना सुमारे ६ सेकंद. अवतरण लांब असेल तर ते पाटी नसून निबंध आहे, तोडा.

उपशीर्षकं दोन ओळींपेक्षा जास्त नकोत, ओळीत ३५ च्या आसपास अक्षरं, दोन उपशीर्षकांमध्ये निदान २ फ्रेमची मोकळी जागा. देवनागरी हमखास दोन ठिकाणी फसते. संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये भारतीय लिप्यांची मजकूर-जुळणी चालू नसली की जोडाक्षरं फुटतात आणि पहिली वेलांटी अक्षराच्या चुकीच्या बाजूला जाते. दुसरं, ओळींमधलं अंतर कमी पडलं की वरचे रफार आणि खालचे उकार छाटले जातात. अंतर १३० ते १४० टक्के ठेवा, युनिकोड फॉन्टच वापरा, आणि 'र्‍हास', 'दुर्गा', 'क्रूर', 'किर्र' हे चार शब्द निर्यात करून मोठ्या पडद्यावर तपासा.

झपझप कट किंवा काळी-पांढरी लखलख वापरणार असाल तर सेकंदाला तीनपेक्षा जास्त लखलखाट नकोत. अपस्माराच्या झटक्याचा धोका खरा आहे.

राज्यशास्त्र_वाचक

कच्चा संकलित भाग तयार झाला की ५-६ जणांना दाखवा, विषय न सांगता. तीन वेळा, वेगवेगळ्या माणसांना: एकदा पूर्ण, एकदा आवाज बंद, एकदा फक्त आवाज. नंतर एकच प्रश्न: लघुपट काय म्हणतो, एका वाक्यात सांगा. 'पाळतीबद्दल आहे' असं उत्तर आलं तर विषय पोचला, विधान नाही. वाक्यात क्रियापद हवं, 'माणूस स्वतःवरच पहारा ठेवतो' असं काहीतरी. फक्त आवाज ऐकणाऱ्याने आणि पूर्ण पाहणाऱ्याने तंतोतंत तेच वाक्य सांगितलं तर चित्र अजून काम करत नाहीये.

कोरी_चौकट

१३ शॉटची नवी यादी, प्रत्येकाची लांबी, फिल लाइटचं अंतर आणि माइकची जागा अशा तक्त्यात करतो आणि इथेच टाकतो. कानसेन, माइक नेमका कुठल्या शॉटमध्ये सरकवायचा? उजेडाच्या पायरीबरोबर सरकवला तर दोन्ही बदल एकदम जाणवतील.

कानसेन

उजेडाच्या पायऱ्या ३, ५, ७, ९, ११, १३ या शॉटच्या सुरुवातीला पडतात. माइक ८ व्या शॉटच्या मध्यावर सरकवा, कटवर नको. एकाच शॉटसाठी दोन्ही माइक एकदम चालू ठेवून ध्वनिमुद्रण करा आणि १२ सेकंदांत एकातून दुसऱ्यात उतरा. दूरच्या माइकपर्यंत आवाज सुमारे ७ मिलिसेकंद उशिरा पोचतो. दोन्ही एकत्र वाजत असताना आवाज पोकळ, डब्यातून आल्यासारखा होतो, म्हणून जवळचा ट्रॅक तेवढा मागे ढकलून जुळवून घ्या.